पडद्यामागील विज्ञानशिक्षक
(विद्यार्थी गुणगौरव समारंभातील भाषण)



व्यवसायाच्या निवडीविषयी दोन शब्द बोलण्याची मंडळाने मला आज्ञा केली आहे. मी केवळ मॅट्रिक झालेला शिक्षक. तेव्हा अनेक व्यवसायांचा पसारा न मांडता एकाच माणसाची हकीकत सांगतो.

तिला कारणही तसेच घडले. विज्ञानपटांसाठी संगणकावर दृश्ये रचण्याचे शिक्षण घ्यावे, असा आपल्यातील एका विद्यार्थ्याने यंदा हट्ट धरला. वडिलांनी माझे मत विचारले. ‘चित्रांवर संसार चालत नाही,’ असे मी तत्काळ सांगून टाकले. मुलाने वाद घातला नाही. त्याने मला एक जुना रशियन विज्ञानपट दाखविला.

‘ताऱ्यांकडे जाणारा मार्ग’ हा तो चित्रपट १९५७ सालचा. दिग्दर्शक पावेल क्लुशान्त्सेव (१९१०–१९९९) हे मूळचे कॅमेरामन. लेनिनग्राडच्या विज्ञानपट स्टुडिओत ते काम करीत. गागारिन अवकाशात गेला १९६१ साली. म्हणजे जे कोणीही पाहिले नव्हते ते या गृहस्थांना दाखवावयाचे होते, आणि तेही संगणकावाचून! त्यांनी नटाला स्टुडिओच्या छतापासून तारांनी टांगले आणि कॅमेरा त्याच्या खाली ठेवून वर रोखला. तारा नटाच्याच देहाआड लपल्या आणि माणूस तरंगू लागला. युक्ती किती साधी! परंतु तरंगणारा देह कसा वळेल, हे आधी समजल्यावाचून ती साधत नाही.

तीस वर्षे मी फळ्यावर ‘वजनरहित अवस्था’ असे लिहीत आलो. यानात गुरुत्वाकर्षण नाहीसे होत नाही, यान व माणूस दोन्ही एकत्रच पडत असतात, हे घसा कोरडा होईतो सांगितले. किती मुलांना उमगले, देव जाणे. त्या तरंगत्या माणसाकडे पाहताना, हा माझ्याच पेशाचा माणूस, असे मला वाटले.

मात्र या व्यवसायाची दुसरी बाजू झाकून ठेवणे पालकांशी अप्रामाणिकपणा ठरेल. क्लुशान्त्सेव यांच्या ‘वादळांचा ग्रह’ (१९६२) या कथापटातील दृश्ये अमेरिकेत १९६५ साली दुसऱ्याच नावाच्या चित्रपटात घातली गेली. तेथे त्यांचे नावही लावले नाही. पुढे १९९० नंतर रॉबर्ट स्कोटॅक हे दृश्यकरामतींसाठी ऑस्कर मिळविलेले अमेरिकन कलावंत त्यांचा शोध घेत रशियात गेले. तोवर क्लुशान्त्सेव ऐंशी वर्षे ओलांडून गेले होते.

त्या मुलाला मी सांगितले आहे की, संगणक शिकशीलच. पण पदार्थविज्ञान सोडू नकोस. तारांऐवजी आज संगणक आला, तरी ग्रहाची सावली कोणत्या बाजूस पडते हे आपल्यालाच ठाऊक असावे लागते. त्याने मान डोलावली. त्याचे वडील आज तिसऱ्या रांगेत बसले आहेत. मी दिलेला सल्ला त्यांच्यापाशी परत मागावयाचा आहे. म्हणून भाषण येथेच आवरतो.