ग्रहांचं गाणं आणि केप्लरची आई

भजनाआधी तंबोरा लावताना आपण ऐकलाय. दोन तारा नेमक्या एका सुरात लागल्या, की एक छेडली तरी दुसरी हात न लावता झणकारते. पुस्तकात याला अनुनाद म्हणतात. हाच अनुनाद आकाशात शोधणाऱ्या एका माणसाची गोष्ट आज आम्ही सांगणार आहोत. खरं म्हणजे आम्हाला जास्त सांगायचंय ते त्याच्या आईचं.

माणूस जर्मनीचा, योहानेस केप्लर, जन्म १५७१ चा. ग्रह सूर्याभोवती लांबट गोल वाटेनं फिरतात, हे त्यानं दाखवलं. सूर्याजवळ आला की ग्रह भरभर चालतो, लांब गेला की रेंगाळतो. या दोन वेगांचं प्रमाण काढून केप्लरनं ते सुरांशी जुळवलं. तार मधोमध दाबली की वरचा सा निघतो, तशाच हिशेबानं त्यानं प्रत्येक ग्रहाचे सूर बसवले. बुधाची तान लांबलचक. शुक्र जवळजवळ एकाच सुरावर. आपली पृथ्वी जेमतेम अर्धा सूर वर जाते आणि परत येते. तिच्या सुरांच्या नावांवरून तो म्हणाला, हिच्या गाण्यात दुःख आणि भूकच आहे. चारशे वर्षांपूर्वीचा तो माणूस, पण हे काही चुकीचं बोलला नाही!

हे गाणं कानाला नाही, बुद्धीला ऐकू येतं, असं तो मानायचा. पृथ्वीला आत्मा आहे, ग्रह ठरावीक कोनात आले की ती थरारते आणि हवा पालटते, असंही त्याला वाटे. ते खरं ठरलं नाही. पण हे सूर जुळवता जुळवताच ग्रहाचं सूर्यापासूनचं अंतर आणि त्याच्या फेरीचा काळ यांचा नियम त्याला सापडला, तो आजही शिकवतात. हे पुस्तक १६१९ साली निघालं.

त्याच्या दहाएक वर्षं आधी त्यानं एक गोष्ट लिहिली होती. नावच 'स्वप्न'. चंद्रावरून पाहिलं तर आपली पृथ्वी आभाळात कशी दिसेल, ते त्यात आहे. पण चंद्राची हकिकत कळणार कशी? तर गोष्टीतल्या मुलाची आई झाडपाल्याच्या पुरचुंड्या खलाशांना विकते, आणि ती एका भुताला बोलावते. ते भूत सगळं सांगतं. निव्वळ कल्पना. छापली नव्हती, हातानं लिहिलेल्या प्रती मात्र फिरल्या.

आणि केप्लरची खरी आई, काथारीना? लेओनबर्ग गावात एकटी राहायची. नवरा कधीच सोडून गेलेला. लिहिता-वाचता येत नव्हतं, झाडपाल्याचं औषध द्यायची. १६१५ साली ओळखीच्याच एका बाईनं आळ घेतला, की हिनं दिलेलं कडू पेय पिऊन मी आजारी पडले, ही चेटकीण आहे. मग एकाला आठवलं, आपला पाय हिच्यामुळेच अधू झाला. एका मुलीचा हात दुखला, तोही हिच्याच नावावर. एक तार छेडली, शेजारच्या सगळ्या वाजायला लागल्या.

१६२० च्या ऑगस्टमध्ये तिला पकडलं. वय सत्तरीच्या पुढं. साखळीनं बांधून चौदा महिने ठेवली. आपल्या 'स्वप्ना'नंच या बोलण्याला खतपाणी घातलं, अशी शंका केप्लरला होती. हातातलं काम टाकून तो तिकडं गेला. रडारड केली नाही, एकेक आरोप घेऊन लेखी उत्तर दिलं. पाय अधू झाला तो चरात पडून. मुलीचा हात दुखला तो विटा वाहून. शेवटी यातनेची हत्यारं समोर मांडून म्हातारीला दरडावलं, कबूल कर. तिनं केलं नाही. १६२१ मध्ये सुटली, आणि पुढच्या वर्षी वारली. ते 'स्वप्न' १६३४ साली छापलं गेलं, तोवर केप्लरही गेला होता.

हे सांगण्याचं कारण उघड आहे. जनावर मेलं, लेकरू आजारी पडलं, की बोट कुणाकडं जातं? एकट्या बाईकडं, विधवेकडं, औषध जाणणाऱ्या म्हातारीकडं. आपल्या महाराष्ट्रात २०१३ पासून जादूटोणाविरोधी कायदा आहे. कुणाला चेटकीण ठरवून छळलं तर सहा महिने ते सात वर्षं कैद आणि पाच हजार ते पन्नास हजार रुपये दंड.

असं काही कानावर आलं तर आधी त्या बाईच्या घरी जा, तिला एकटी ठेवू नका. कोण, कधी, काय बोललं ते तारखेनिशी लिहून ठेवा. अध्यक्ष, सचिव आणि आणखी दोघी-तिघी तिच्यासोबत पोलीस ठाण्यात जा, तक्रारीची पोच मागून घ्या. आजारी असेल त्याला प्राथमिक आरोग्य केंद्रात न्या, कारण खरं दुखणं तिथंच कळेल. कायद्याची मराठी प्रत आम्ही गटांच्या दप्तरात ठेवतो आहोत. येत्या मासिक बैठकीत ती मोठ्यानं वाचून घ्या, आणि काही अडलं तर आमच्याकडं निरोप पाठवा.