समलिंगी प्रीति आणि कुमारांची कादंबरी

मुलें आपल्या मनांतली गोष्ट प्रथम आईला सांगतात, असें आपण गृहीत धरून चालतों. श्रोतेहो, अमेरिकेंत कुमारवयाच्या वाचकांसाठीं लिहिल्या गेलेल्या कांहीं कादंबऱ्यांनीं या समजुतीलाच हात घातला आहे.

जॉन डोनोव्हन यांची अशी एक कादंबरी १९६९ सालीं प्रसिद्ध झाली. कुमार-वाङ्मयांत मुलामुलांमधील प्रीतीचा उघड उल्लेख करणारी ती पहिली, असें मानतात. आजी वारल्यावर तेरा वर्षांचा डेव्ही न्यूयॉर्कला आईकडे राहावयास येतो. सोबत त्याचा लाडका कुत्रा फ्रेड. शाळेंतील एका मित्राशीं स्नेह जमतो, दोघांत एक चुंबन घडतें, आई धास्तावते. आणि पुढें फ्रेड मोटारीखालीं सांपडून मरतो. हा आपल्याच वर्तनाचा दंड, असें तें पोर मनाशीं घेतें. बिचाऱ्या कुत्र्याचा यांत काय संबंध? परंतु पुढेंही कित्येक वर्षें अशा कथांतून प्रेमामागोमाग अपघात ठेवलेलाच असे.

नॅन्सी गार्डन यांनीं १९८२ सालीं ‘ॲनी ऑन माय माइंड’ लिहून ही वहिवाट मोडली. लायझा आणि ॲनी या दोन मुली न्यूयॉर्कच्या एका संग्रहालयांत भेटतात. पुढें त्यांचें प्रेम उघडकीस येतें, लायझाच्या शाळेंत चौकशी होते, आणि एकत्र राहणाऱ्या दोन शिक्षिकांची नोकरी जाते. तरी माझ्या मतें कादंबरीचें मर्म त्या चौकशींत नाहीं. आई लायझाला सरळ विचारते, आणि लायझा खोटें बोलते. ही आई कांहीं कजाग नव्हे, चांगली मायाळू आहे. कजाग आईशीं भांडतां तरी येतें; मायाळू आईचा चेहरा उतरलेला पाहवत नाहीं. शेवटीं मात्र दुरावलेल्या दोघी मैत्रिणी दूरध्वनीवर पुन्हां बोलतात. कोणी मरत नाहीं.

एवढ्यानेंही कित्येकांचा संताप झाला. १९९३ सालीं कॅन्सस सिटीच्या परिसरांतील शाळांना या पुस्तकाच्या प्रती भेट मिळाल्या, तेव्हां एक प्रत जाहीरपणें जाळण्यांत आली. ओलेथा गांवच्या शाळाधिकाऱ्यांनीं तर तें ग्रंथालयांतूनच काढून टाकलें. विद्यार्थी कोर्टांत गेले, त्यांचे आईबापही त्यांच्या बाजूनें उभे राहिले, आणि १९९५ च्या नोव्हेंबरांत न्यायाधीशांनीं पुस्तक परत ठेवण्याचा हुकूम दिला.

आपल्या भाषेंत सचिन कुंडलकर यांची ‘कोबाल्ट ब्लू’ २००६ सालीं आली. ती खास कुमारांसाठीं लिहिलेली नाहीं, पण तिच्यांतील भाऊ-बहीण तरुण आहेत आणि घर मराठी मध्यमवर्गाचें आहे. घरांत भाड्यानें राहावयास आलेल्या एकाच तरुणावर तनय आणि अनुजा, दोघांचेंही प्रेम बसतें. तो अनुजेसह निघून जातो. ती परत येते, तेव्हां घरांत रडारड होते, उपाय शोधले जातात, कारण मुलीच्या अशा दुःखाला आपल्या घरांत निदान नांव तरी आहे. तनय त्याच घरांत जेवतो, झोपतो. त्याचें कोणी गेलें आहे, हें आईबापांच्या ध्यानींमनींही नसतें.