‘रहिवासी’ म्हणजे नेमकं कोण?

(कार्यकर्त्यांच्या शिबिरातील भाषण)



येत्या निवडणुकीत पक्षांना बाजूला ठेवून रहिवाशांची आघाडी उभी करावी, अशी चर्चा आपल्या बैठकांत चालू आहे. मला त्यात रस आहे आणि थोडी धास्तीही वाटते. म्हणून जिथे हा प्रयोग फार जुना आहे, त्या गावाविषयी आज बोलते.

लंडनच्या दक्षिणेला सरे परगण्यात एप्सम आणि यूअल हा बरो आहे. बरो म्हणजे साधारण आपली नगरपरिषद. लोकसंख्या सुमारे ८० हजार. मताधिकारासाठी लढणारी एमिली डेव्हिसन १९१३ साली राजाच्या घोड्यापुढे गेली आणि चार दिवसांनी वारली, ती डर्बीची शर्यत एप्समचीच. तिचा पुतळा तिथल्या बाजारपेठेत बसायला २०२१ साल उजाडलं!

या बरोला १९३७ साली सनद मिळाली आणि तेव्हापासून सत्ता रहिवासी संघांच्या हाती राहिली. रेल्वेने लंडनला नोकरीला जाणाऱ्यांच्या नव्या वसाहती झाल्या, रस्ते-गटारांसाठी संघ निघाले आणि संघांनी उमेदवार उभे केले. हेच मतदार संसदेत मात्र वर्षानुवर्षं हुजूर पक्षाचा माणूस पाठवत होते. २०२४ साली पहिल्यांदा तिथून लिबरल डेमोक्रॅट पक्षाची उमेदवार, तीही बाई, निवडून आली. म्हणजे लोक पक्षांना कंटाळले होते असं नाही. कचरा, बागा आणि बांधकाम परवान्यांपुरता त्यांना पक्ष नको होता.

यातला फायदा मी कमी लेखत नाही. तिकिटासाठी कुणा साहेबांच्या बंगल्यावर खेटे घालावे लागत नाहीत. तिथे स्थानिक निवडणुकीला अनामत रक्कमही भरावी लागत नाही. घरचं सगळं सांभाळून दारोदार फिरणाऱ्या बाईला हे केवढं सोयीचं आहे, ते तुम्हाला सांगायला नको.

पण जिचं घर नाही, ती रहिवासी का? इंग्लंडमध्ये बेघरांना आसरा देणं आणि सामाजिक घरांची यादी ठेवणं ही कामं बरोकडे असतात. तिथे कायद्यात एक शब्द आहे, ‘स्थानिक संबंध’. गेल्या १२ महिन्यांपैकी सहा महिने, किंवा पाच वर्षांपैकी तीन वर्षं त्या भागात राहिल्याचं साधारणपणे पाहतात. नाहीतर अर्जदाराला मूळ गावच्या परिषदेकडे धाडता येतं. आता मार खाऊन निघालेली बाई कुठे जाईल? जिथे तिला कुणी ओळखत नाही तिथेच. तिला धोक्याच्या जागी परत पाठवायचं नाही, हे १९९६ च्या कायद्यात आहे. पण २०११ नंतर कायमच्या घरांच्या यादीसाठी परिषदांना स्वतःच्या अटी घालता आल्या आणि अनेकींनी इतकी वर्षं वास्तव्य हवं, अशी अट घातली. अशा बायकांना ही अट लावू नये, हा सक्तीचा नियम जुलै २०२५ मध्ये आला. मधली वर्षं मोजा.

आणि घरं बांधायची तरी कुठे? लंडनभोवतीच्या हरित पट्ट्यात बांधकाम नको, ही रहिवाशांची तीव्र भावना. एप्समला मार्च २०२३ मध्ये याच विरोधामुळे विकास आराखड्याचं काम थांबवावं लागलं. निवडणूक मे महिन्यात होती. ऑक्टोबरात ते पुन्हा सुरू झालं. हिरवळ मलाही हवी. पण अशा सभेला येऊन बोलतो तो घर असलेला माणूस. यादीत नाव असलेली बाई येत नाही, तिला सभेचं पत्रकच मिळत नाही.

नवऱ्याच्या व्हिसावर तिकडे गेलेल्या आपल्या मुलींच्या आया केंद्रात येतात, म्हणून हेही सांगते. त्या व्हिसावर सहसा सरकारी मदत न घेण्याची अट असते आणि त्यात बरोचं घरही येतं. मत मात्र आहे! भारत राष्ट्रकुलात असल्याने तिथे कायदेशीर राहणाऱ्या भारतीय नागरिकाला मतदान करता येतं. पूर्वी घरच्या सगळ्यांची नावं कुटुंबप्रमुख भरायचा. २०१४ पासून प्रत्येकीने स्वतंत्र नोंदणी करायची असते. जीव धोक्यात असेल तर नाव उघड न करता नोंदणीची सोयही आहे. हे मुलींना कळवा.

ऑक्टोबर २०२५ मध्ये सरकारने सरेतल्या अकराही बरो-जिल्हा परिषदा आणि काउंटी मोडून एप्रिल २०२७ पासून दोनच मोठ्या परिषदा करायचं जाहीर केलं. जवळजवळ नव्वद वर्षांची रहिवाशांची सत्ता, पण हा निर्णय वरच झाला.

आता आपल्या आघाडीचं. मसुद्यात सभासदत्वासाठी घरपट्टीची पावती मागितली आहे. आपल्या वस्तीत ती किती बायकांच्या नावावर आहे? भाडेकरू, घरकामाला येणाऱ्या, माहेरी परतलेल्या यांनी काय दाखवायचं? हे कलम आज दुपारच्या सत्रात घ्यावं, अशी माझी सूचना आहे.