अनधिकृत शाळा आणि जनहित याचिका
(बंगळुरू येथील भाषण)



मान्यता नसलेल्या शाळांविरुद्ध उच्च न्यायालयात जनहित याचिका दाखल करावी, अशी सूचना आपल्यापुढे आहे. सूचना योग्य आहे. परंतु याचिकेत नेमके मागायचे काय, हे केवळ वकिलांवर सोपवून चालणार नाही.

या शहरात अशा शाळा का फोफावल्या? पीण्या, बोम्मनहळ्ळी येथील कारखान्यांभोवती कामगारांच्या वस्त्या वाढल्या, त्या मानाने सरकारी शाळा वाढल्या नाहीत. २०१६ च्या एप्रिलमध्ये भविष्य निर्वाह निधीसाठी रस्त्यावर उतरलेल्या कपडे-कारखान्यांतील स्त्रियाच आपल्या तुटपुंज्या वेतनातून अशा शाळांची फी भरतात. राज्याच्या शिक्षण खात्याने २०२३ मध्ये तपासणी केली, तेव्हा दीड हजारांहून अधिक शाळा अनधिकृत ठरल्या. काहींना परवानगीच नव्हती, काहींनी वरचे वर्ग परस्पर सुरू केले होते, काहींनी माध्यम वा अभ्यासक्रम बदलला होता. हे सारे खात्याच्या डोळ्यांआड घडले, यावर कोणी विश्वास ठेवावा? मुंबईची महापालिका तर अशा शाळांची यादी वर्षानुवर्षे प्रसिद्ध करीत आली आहे. यादी निघते आणि शाळाही चालू राहतात!

आता कायदा पाहू. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याचे अठरावे कलम म्हणते की, मान्यतेच्या प्रमाणपत्राशिवाय शाळा चालवता येणार नाही. चालवल्यास एक लाख रुपयांपर्यंत दंड, आणि पुढेही चालू ठेवल्यास दररोज दहा हजारांपर्यंत. मान्यता काढून घेतली, तर त्या शाळेतील मुले परिसरातील कोणत्या शाळेत जातील, हे त्याच आदेशात नमूद करणे बंधनकारक आहे. परंतु ज्या शाळेला मान्यता कधी मिळालीच नव्हती, तिच्या मुलांविषयी हे कलम मौन पाळते. संचालक दंड भरून मोकळा होतो, आणि कामगाराचे मूल रस्त्यावर येते. नुसती ‘शाळा बंद करा’ एवढीच मागणी केली, तर आपण नकळत याच व्यवहाराला हातभार लावू.

म्हणून याचिकेचा आधार सहावे कलमही असले पाहिजे. कायदा १ एप्रिल २०१० रोजी अमलात आला. तेथून तीन वर्षांत प्रत्येक परिसरात शाळा उभारणे सरकारवर बंधनकारक होते. ती मुदत २०१३ मध्येच संपली. खरा थकबाकीदार कोण, हे न्यायालयासमोर स्पष्ट झाले पाहिजे. चालू वर्षाच्या मध्यावर एकाही मुलाचा वर्ग तुटू नये, आणि दाखल्याअभावी कोणालाही प्रवेश नाकारला जाऊ नये. हा हक्क पाचव्या कलमाने दिलेलाच आहे.

न्यायालयाविषयी मात्र भाबडेपणा नको. सरकारी शाळा जवळ असल्यास खासगी शाळांना पंचवीस टक्के राखीव जागांतून सूट देणारा नियम कर्नाटकाने केला. २०१९ मध्ये येथील उच्च न्यायालयाने तो ग्राह्य धरला. महाराष्ट्राने २०२४ मध्ये तोच कित्ता गिरवला, आणि मुंबई उच्च न्यायालयाने तो रद्द केला. कायदा एकच, निवाडे दोन. भविष्य निर्वाह निधीचा नियम मात्र दोन दिवसांच्या उठावानंतर केंद्र सरकारला मागे घ्यावा लागला होता.

तेव्हा याचिकेआधी प्रत्येक शाखेने आपल्या प्रभागात घरोघर फिरून नोंद करावी: कोणती शाळा, मान्यता कोणत्या वर्गापर्यंत, मुले किती, जवळची सरकारी शाळा किती अंतरावर, तेथे शिक्षक व खोल्या किती. पालकांच्या सह्या याच फेरीत घ्याव्यात. पुढील वर्षाचे प्रवेश सुरू होण्यापूर्वी ही माहिती वकिलांच्या हाती पडली पाहिजे.