पडद्यामागचा आवाज कोणाचा?

(टेंभुर्णी, जि. जालना येथे कार्यकर्ते व हितचिंतक यांच्यासमोर केलेल्या भाषणाचा मजकूर)



राजकीय कार्यकर्त्यांच्या बैठकीत चित्रपटातील संगीताचा विषय कशासाठी, अशी शंका आपल्यापैकी काहींच्या मनात आली असेल. शंका रास्त आहे. परंतु माणसाची मते केवळ युक्तिवादाने बनत नाहीत, हे आपण प्रत्येक निवडणुकीत अनुभवतो. मत बनण्याआधी मन बनते. आणि मन बनविण्याची जी साधने आज घराघरांत पोहोचली आहेत, त्यांत चित्रपट मोठा आहे. चित्रपटातील संवादाशी आपण वाद घालू शकतो. कथा पटली नाही तर तसे सांगू शकतो. पार्श्वसंगीताशी मात्र कोणी वाद घालत नाही, कारण ते ऐकू येत असूनही आपले त्याच्याकडे लक्ष नसते. बुद्धीची परवानगी न घेता ते आत शिरते. म्हणूनच त्याची तपासणी करणे आवश्यक आहे.

मूकपटाच्या काळात पडद्याजवळ बसून पेटी-तबला वाजविणारे वादक असत. 1931 साली 'आलम आरा' आला, 1932 साली 'अयोध्येचा राजा' आला आणि पडदा बोलू लागला, गाऊ लागला. पुढे काही ठोकताळे रूढ झाले. खलनायक आला की ढोलांचा गडगडाट, आईच्या डोळ्यांत पाणी आले की व्हायोलिनचे आक्रंदन, खेडे दिसले की बासरी. या ठोकताळ्यांत एक गोम आहे. पुरावा पुढे येण्याआधीच निकाल दिला जातो. कोणाची कीव करायची, कोणाचा तिरस्कार करायचा, हे प्रेक्षकाने ठरवायचे नसते; ते त्याला वाजवून सांगितले जाते. गरिबाच्या घरावर करुण सूर पसरला की आपण हळहळतो, डोळे पुसतो आणि तो गरीब का आहे हा प्रश्न न विचारताच बाहेर पडतो. दुःख भोगून संपते. त्याचे कारण शिल्लक राहते.

ही वाट सोडण्याचे धैर्य मराठी चित्रपटाने फार लवकर दाखविले. प्रभात कंपनीचा 'कुंकू' हा 1937 सालचा चित्रपट. दिग्दर्शक व्ही. शांताराम, संगीतकार केशवराव भोळे. म्हाताऱ्या विधुराशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा त्याला पती मानण्यास नकार देते, ही कथा. या चित्रपटात अदृश्य वाद्यवृंद नाही. दारांचे, भांड्यांचे, माणसांच्या पावलांचे आवाज आहेत. शांता आपटे यांची नीरा गाते तेव्हा तिला साथ असते घरातल्या ग्रामोफोनची. आणि म्हाताऱ्याच्या घरातले जुने घड्याळ टोले देत राहते. त्या टोल्यांमध्ये त्याचे वय आहे, तिची कोंडी आहे आणि उलटून चाललेला एक काळही आहे. नीरेच्या हालांवर एखादी आर्त सुरावट पसरविली असती, तर प्रेक्षकांनी तिला अबला ठरविले असते. ती न पसरल्यामुळे तिचा नकार स्पष्ट ऐकू आला. संगीत काढून घेणे हीदेखील संगीतकाराची आणि दिग्दर्शकाची भूमिका असू शकते, ती अशी.

महाराष्ट्राबाहेर बंगालमध्येही याच दिशेने मोठे प्रयोग झाले. सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली'मध्ये (1955) मुलीच्या मृत्यूची वार्ता पित्याला सांगताना आईचा हंबरडा ऐकू येत नाही. त्या जागी तारशहनाईचा तीव्र सूर येतो. मानवी रडणे वाद्याने करावे, ही कल्पना त्या वेळी नवी होती. लोकनाट्याच्या चळवळीतून आलेले ऋत्विक घटक यांनी 'मेघे ढाका तारा'मध्ये (1960) निर्वासित कुटुंबासाठी राबणाऱ्या नीताची फसवणूक उघड होते त्या क्षणी चाबकाचा फटकारा ऐकविला. पडद्यावर चाबूक कोठेच नाही. पण ज्या व्यवस्थेने त्या मुलीला ओझ्याचे जनावर केले, तिचा आवाज तोच आहे, हे प्रेक्षकाला सांगावे लागले नाही. हेच घटक पुढे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकविण्यास होते.

आता आपल्या जवळच्या माणसाकडे येऊ. अजिंठ्याच्या डोंगराजवळच्या पळसखेड्याचे कवी ना. धों. महानोर 2023 साली आपल्यातून गेले. जब्बार पटेल यांच्या 'जैत रे जैत'ची (1977) गीते त्यांची, संगीत हृदयनाथ मंगेशकर यांचे, आणि मूळ कादंबरी गो. नी. दांडेकरांची. ठाकर समाजातला नाग्या आणि चिंधी यांची ती कथा. येथे गाणे हे कथेच्या मध्ये घेतलेली विश्रांती नाही. कथा समूहगानातूनच पुढे सरकते. नाग्या ढोल वाजविण्यात तरबेज आहे आणि तो ढोल त्याचा संताप, त्याची जिद्द बोलून दाखवितो. गावगाड्याबाहेरच्या माणसांची कहाणी सांगताना शहरी वाद्यवृंदाने त्यांच्याविषयी बोलू नये, त्यांच्या लयीने स्वतः बोलावे, हा त्यामागचा विवेक. शेतात राबणाऱ्या कवीला तो सुचला यात नवल नाही.

हाच विवेक पुढच्या पिढीने अधिक धारदार केला. नागराज मंजुळे यांचा 'फँड्री' 2014 साली प्रदर्शित झाला. जब्याचे कुटुंब गावाच्या डोळ्यांसमोर डुक्कर पकडण्याच्या धडपडीत आहे आणि एवढ्यात शाळेतून राष्ट्रगीत सुरू होते. जब्या जागीच उभा राहतो, घरचेही उभे राहतात. डुक्कर निसटते. राष्ट्रगीताला 52 सेकंद लागतात. त्या अवधीत प्रजासत्ताकाने या माणसांना काय दिले आणि ही माणसे प्रजासत्ताकाला काय देत आहेत, याचा हिशेब मांडला जातो. संगीतकाराने रचलेली कोणतीही सुरावट हे काम करू शकली नसती. आपण सर्वांनी पाठ केलेले गीत जागा बदलताच प्रश्न विचारू लागते.

'सैराट' (2016) तर आपण सर्वांनी पाहिला आहे. अजय-अतुल यांनी त्यातील संगीतासाठी अमेरिकेत लॉस एंजेलिस येथे जाऊन सिंफनी वाद्यवृंदाचे ध्वनिमुद्रण केले. करमाळ्याच्या बाजूच्या पोरापोरींच्या प्रेमाला एवढा मोठा वाद्यवृंद कशाला, असे नाक मुरडणारेही होते. मला मात्र त्यात न्याय दिसतो. आजवर असा वाद्यवृंद राजपुत्रांना मिळत असे. परंतु खरी गोष्ट पुढे आहे. चारही गाणी पूर्वार्धातच येऊन जातात. आणि शेवटी, आर्ची-परशाची हत्या झाल्यावर लहान मूल रक्ताचे पाऊल उमटवीत बाहेर येते, तेव्हा पडदा पूर्ण मुका होतो. ते मूल रडते, पण रडणे ऐकू येत नाही. सिंफनीने दिलेले सर्व काही जातीने हिरावून घेतले. ज्या चित्रपटगृहांत दोन तासांपूर्वी लोक नाचले, तेथे ही शांतता उतरली. आपण टाळ्या कशाला दिल्या आणि गप्प कोठे बसलो, हे प्रत्येकाला स्वतःशी ताडून पाहावे लागले.

तिसरे उदाहरण चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट'चे (2014). येथे पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीच. जे संगीत आहे ते प्रसंगातच घडते. वीरा साथीदार यांनी उभा केलेला वृद्ध लोकशाहीर नारायण कांबळे मंचावर गातो. त्याच्या गाण्याने एका गटारकामगाराला आत्महत्येस प्रवृत्त केले, असा आरोप ठेवून पोलीस त्याला धरून नेतात. गाण्यांचे संगीत शाहीर संभाजी भगत यांचे. त्याचा वकील मात्र आपल्या मोटारीत जाझ ऐकतो. कोण काय ऐकतो यावरून कोण कोठे राहतो हे कळते, आणि कोणाचे गाणे गुन्हा ठरते हेही. साऱ्या चित्रपटात गाणे हाच आरोपी आहे. अशा वेळी मागून करुण वाद्ये वाजविणे म्हणजे आरोपीच्या तोंडावर दुसऱ्याचा आवाज लावणे झाले असते.

यावर एक आक्षेप घेतला जातो आणि तो गंभीरपणे घेतला पाहिजे. दिवसभर राबून आलेल्या माणसाला गाणे हवे असते, करमणूक हवी असते. ही मौनाची आणि प्रयोगांची चैन सुशिक्षितांची आहे, असे म्हटले जाते. मला हा आक्षेप कष्टकऱ्यांचा वाटत नाही. तो त्यांच्या वतीने इतरांनी घेतलेला आहे. रात्रभर संबळाच्या ठेक्यावर गोंधळ ऐकणारा, जात्यावरची ओवी ऐकत वाढलेला माणूस ऐकण्यात कच्चा नाही. गोंधळी मध्येच संबळ थांबवितो तेव्हा त्या थांबण्याचा अर्थ सगळ्यांना कळतो. 'सैराट'ने उत्पन्नाचे विक्रम केले ते या प्रेक्षकाच्या बळावर, आणि त्याचा शेवट मुका होता. लोकांना कमी कळते हे गृहीतक धंद्याचे आहे. दुर्दैवाने कधी कधी ते चळवळीतही शिरते. आपल्याही सभांतून कर्ण्यावर काय वाजते, त्यात शाहिराला किती वेळ मिळतो, हलगीवाल्याला मिरवणुकीपुरते बोलावून बैठकीच्या वेळी बाहेर तर बसविले जात नाही ना, हे आपण पाहिले पाहिजे.

म्हणून एक साधी सूचना करतो. गावात चित्रपट दाखविला तर तो संपल्यावर लगेच उठू नये. तीन प्रश्न विचारावेत. आपल्याला कोठे रडू आले, आणि ते माणसाने आणले की वाद्याने? कोणाचे वाद्य ऐकू आले आणि कोणाचे आले नाही? आणि कोठे शांतता होती, व ती कशासाठी? या प्रश्नांची उत्तरे द्यायला कोणतेही शिक्षण लागत नाही. जो माणूस पडद्यावरच्या संगीताला 'तू मला असे का वाटायला लावतोस?' असे विचारू लागेल, तो उद्या व्यासपीठावरच्या वक्त्यालाही तोच प्रश्न विचारील. त्या वक्त्यांत आपणही असू. त्याची तयारी आपण ठेवली पाहिजे.