पिलाटीजचा पहिला दिवस : काय घालावे, काय न्यावे?

(आपल्या मंडळाच्या आरोग्यविषयक स्नेहमेळाव्यात एका सभासद भगिनीने केलेले हे भाषण. अनेकांनी नंतर टिपणे मागितली, म्हणून ते स्मरणिकेत देत आहोत. – संपादक मंडळ)



सर्वप्रथम एक खुलासा करते. मी डॉक्टर नाही, व्यायामशिक्षिकाही नाही. इथल्या एका सरकारी उपक्रमात बत्तीस वर्षे हिशेब तपासले आणि निवृत्त झाले. त्यामुळे तज्ज्ञांच्या मेळाव्यात माझे नाव पाहून तुमच्याइतकेच आश्चर्य मलाही वाटले. पण सचिव म्हणाले, "काकू, डॉक्टर बोलतीलच. तुम्ही फक्त पहिल्या दिवसाचे सांगा." पहिल्या दिवसाचा अनुभव मात्र माझ्याकडे भरपूर आहे, कारण तो पहिला दिवस उजाडायला मला आठ महिने लागले!

झाले असे. निवृत्तीनंतर पाठ धरू लागली. डॉक्टरांनी तपासण्या केल्या, औषध दिले आणि पाठीचे व पोटाचे स्नायू बळकट करा, असे बजावले. आमच्या जयनगरच्या घरापासून पायी दहा मिनिटांवर पिलाटीजचा वर्ग होता. जाता-येता पाटी दिसायची. आत मात्र पाऊल पडेना. कारण विचाराल तर एकच : घालायचे काय? कॉलेज सुटल्यापासून अंगावर साडी, फार तर प्रवासात पंजाबी ड्रेस. तिथे सगळ्या सुनेच्या वयाच्या मुली. त्यांच्यासमोर या वयात तसले घट्ट कपडे घालून जमिनीवर लोळायचे, या विचारानेच अंगावर काटा यायचा. आमचे हे म्हणायचे, "अगं, तुझ्याकडे बघायला तिथे वेळ कुणाला आहे?" बोलणे खरे होते, पण पटायला आठ महिने गेले.

आज या सभागृहातही माझ्यासारख्या काही जणी असतील आणि काही 'जण'ही असतील. म्हणून आधी कपड्यांचेच बोलू.

पिलाटीज हे एका माणसाचे आडनाव आहे. जोसेफ पिलाटीज १८८३ साली जर्मनीत जन्मले. लहानपणी ते फार आजारी असत, असे सांगतात. पहिल्या महायुद्धात ब्रिटिशांनी त्यांना शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून छावणीत ठेवले. पुढे १९२६ साली ते न्यूयॉर्कला गेले आणि पत्नी क्लारा यांच्यासह तिथे व्यायामशाळा चालवली. १९४५ साली त्यांनी पुस्तक लिहिले, त्यात सतरंजीवर करायचे चौतीस व्यायाम आहेत. १९६७ साली ते वारले. आपल्या पद्धतीला ते स्वतः 'कंट्रोलॉजी' म्हणत, म्हणजे शरीरावर ताबा ठेवण्याची विद्या. त्यांची छायाचित्रे पाहिलीत तर बहुतेक ठिकाणी हे गृहस्थ एका आखूड चड्डीवर उभे! मी ती पाहिली तेव्हा माझा अर्धा संकोच पळाला.

ही पद्धत कपड्यांकडून काय मागते? तीन गोष्टी. शिक्षिकेला तुमचा कणा, कंबर आणि गुडघे कसे वळताहेत ते दिसले पाहिजे. पाठीवर झोपल्यावर काहीही टोचता कामा नये. आणि पाय वर गेले की कपडा तोंडावर येता कामा नये. या तीन कसोट्यांना उतरेल तो कपडा चांगला, मग तो कुठल्याही दुकानातला असो.

पंजाबी ड्रेस यात कुठे बसतो? पाय वर केले की कुडता गळ्याशी येतो, सलवारीची नाडी पोटावर झोपल्यावर रुतते आणि ओढणीचे तर नावच नको. ज्या वर्गात स्प्रिंगांची यंत्रे असतात तिथे ओढणी, लोंबती नाडी किंवा ढगळ पायघोळ अडकण्याची भीती असते. त्याऐवजी रुंद, सपाट पट्ट्याची लेगिंग्ज किंवा अंगाबरोबर बसणारी ट्रॅक पँट घ्यावी. विकत घेताना दुकानातच आरशासमोर एकदा वाकून पाहावे. कापड ताणल्यावर पारदर्शक होत असेल तर ते ठेवून द्यावे. वर साधा टी-शर्ट, कमरेच्या थोडा खाली येणारा आणि आत खोचता येणारा. मी लांब बाह्यांचा घेतला. कुणी काही म्हटले नाही.

भगिनींनो, संकोच न करता आणखी एक सांगते. आतल्या कपड्यांचे मागचे हूक पाठीवर लोळताना नेमके मणक्यावर येतात. बिनहुकाचे खेळाचे अंतर्वस्त्र मिळते, ते घ्यावे. बंधूंनो, तुम्हीही हसू नका. ढगळ हाफ पँट घालून पाय छताकडे केले की काय प्रसंग ओढवतो, ते आमच्या वर्गातल्या एका सद्गृहस्थांना विचारा. दुसऱ्या दिवसापासून ते पायाला बसणारी ट्रॅक पँट घालून येऊ लागले.

आता दागिने आणि केस. काचेच्या बांगड्या घरी ठेवाव्यात. हातावर भार घेताना फुटल्या तर आपल्यालाही लागते आणि शेजारणीलाही. लांब मंगळसूत्र कंबर उचलली की हनुवटीवर येते आणि पालथे झोपले की छातीच्या हाडात रुतते. ते काढायचे की नाही हे ज्याचे त्याने ठरवावे. मी लहान एकपदरी घालते आणि टी-शर्टच्या आत टाकते. केसांचा क्लचर किंवा मागचा अंबाडा असेल तर डोके जमिनीवर नीट टेकत नाही आणि मान वाकडी होते. सैल वेणी घालून ती खांद्यावरून पुढे घ्यावी. पायांना तेल किंवा क्रीम लावून जाऊ नये, पाय घसरतो.

पायांत काय? बूट लागत नाहीत. सतरंजीवर अनवाणी चालते. यंत्रावर मात्र बऱ्याच ठिकाणी तळव्याला रबरी ठिपके असलेले मोजे मागतात. साधे मोजे फरशीवर घसरतात, ते घालण्यापेक्षा अनवाणी बरे.

सोबत काय न्यावे? पाण्याची बाटली. दोन नॅपकिन, एक घाम पुसायला आणि एक घडी करून डोक्याखाली घ्यायला. आपल्या वयात पाठीला किंचित बाक आलेला असतो, तेव्हा डोक्याखाली बोटभर आधार मिळाला तर मान सुखावते. वर्गात सतरंजी मिळते का, ते आधी फोन करून विचारावे. नेहमीची योगासनांची सतरंजी पातळ असते, चार ते सहा मिलिमीटरची. पिलाटीजमध्ये मणक्यांवर लोळायचे असल्याने दहा ते पंधरा मिलिमीटरची जाड सतरंजी बरी पडते. लगेच खर्च करायचा नसेल तर घरातल्या दोन पातळ सतरंज्या एकावर एक घालाव्यात. डिसेंबर-जानेवारीत आपल्या बेंगळुरूच्या सकाळी गारठा असतो, तेव्हा पुढून उघडणारे एखादे स्वेटर न्यावे, अंग तापले की काढता येते. पोटभर नाश्ता करून जाऊ नये. जेवणानंतर दोन तास तरी जाऊ द्यावेत. आणि दहा मिनिटे आधी पोचावे. सुरुवातीचा श्वासाचा भाग चुकला की पुढचे सगळे चुकते, आणि ट्रॅफिकचे कारण या गावात कुणीही ऐकून घेत नाही!

आता ज्यासाठी मी खरे तर उभी राहिले आहे, ते सांगते.

आठ महिन्यांनी धीर केला. आठवडाभर तयारी केली. जयनगर फोर्थ ब्लॉकमध्ये जाऊन कपडे आणले, मोजे आणले, पिशवी भरली. पहिल्या दिवशी तिथल्या मुलीने एक छापील कागद दिला. त्यात विचारले होते : काही आजार, शस्त्रक्रिया, हाडांचा त्रास आहे का? मी सगळीकडे 'नाही' लिहिले.

ते खोटे होते. माझ्या हाडांच्या घनतेची डेक्सा तपासणी झाली होती आणि मणक्याचा आकडा उणे २.७ आला होता. उणे २.५ किंवा त्याखाली गेले की त्याला ऑस्टिओपोरोसिस म्हणतात, म्हणजे हाडे ठिसूळ झाली. तो रिपोर्ट कपाटात फाइलला लावलेला होता. मी का लिहिले नाही? आधीच मी सगळ्यांत मोठी, त्यात 'आजारी बाई' असा शिक्का नको. बत्तीस वर्षे दुसऱ्यांच्या कागदांत दडवलेल्या रकमा शोधणारी मी, स्वतःच्या कागदावर खोटी नोंद करून बसले.

वर्गात एक व्यायाम असतो. पाठीवर झोपून हात पुढे करत, मणका गोल करत उठून बसायचे. बाकीच्या मुली उठल्या. मला जमेना. मी हिसका देऊन उठले. पाठीच्या मध्यात कळ आली. तरी हसत राहिले. रात्री कूस बदलता येईना. दुसऱ्या दिवशी एक्स-रे काढावा लागला. बाप्पाची कृपा, मणका शाबूत होता, स्नायू दुखावला होता. पण डॉक्टरांनी विचारले, "हाडे ठिसूळ आहेत हे तुम्ही तिथे सांगितले होते का?" मी खाली बघितले. ते म्हणाले, ठिसूळ मणका जोर लावून पुढे गोल वाकवला तर त्याचा पुढचा भाग दबून मोडू शकतो. असे हाड मोडले की ते जुळते, पण आलेला पोक सहसा जात नाही.

माझी आई शेवटची दहा वर्षे पोक काढून चालली. आम्ही त्याला म्हातारपण म्हणत आलो. त्या संध्याकाळी पहिल्यांदा मनात आले की, तिचेही मणके असेच दबले असतील का? तिला कुणी विचारले नाही, तिची कधी तपासणी झाली नाही. माझी झाली होती, कागद हातात होता, आणि मी तो कपाटात ठेवून गेले होते.

तीन आठवड्यांनी मी पुन्हा गेले. या वेळी पिशवीत फाइल होती. ती मुलगी कन्नड, वय जेमतेम पंचवीस. रिपोर्ट वाचून ती रागावली नाही. एवढेच म्हणाली, "आंटी, आधी सांगितले असते तर मी तो व्यायाम दिलाच नसता." मग तिने माझ्यासाठी वेगळी यादी केली. पुढे गोल वाकणे आणि जोराने पिळणे बंद. डोके सतरंजीवरच. पालथे झोपून छाती हळूच उचलणे, कुशीवर झोपून पाय उचलणे, उभे राहून तोल सांभाळणे, हे चालू. श्वास सोडताना ती सारखी म्हणते, "निधानवागि, आंटी". कन्नडमध्ये 'निधान' म्हणजे सावकाश. आपल्या मराठीत निधान म्हणजे ठेवा. दोन्ही अर्थ मला लागू पडतात, असे मी मनात म्हणते.

म्हणून माझी यादी एका ओळीने वाढवून घ्या. पिशवीत सर्वांत वर तुमचा वैद्यकीय कागद हवा. हाडे ठिसूळ असोत, रक्तदाब असो, हर्निया असो, गुडघा किंवा खुबा बदललेला असो, गरोदरपण असो, नुकतीच शस्त्रक्रिया झालेली असो, आधी डॉक्टरांना विचारा आणि मग शिक्षिकेला सांगा. काचबिंदू असेल तर आवर्जून सांगा, कारण डोके खाली येणाऱ्या स्थितीत डोळ्यांतला दाब वाढतो. आणि ज्या ठिकाणी तुम्हाला काही विचारतच नाहीत, तिथे तुम्ही होऊन सांगा. ऐकून घ्यायला वेळ नसेल तर दुसरा वर्ग शोधा.

आपण घरापासून, गावापासून दूर येऊन इथे राहिलो. इथे आपली दुखणी विचारायला आई नाही, मावशी नाही. 'सगळे ठीक आहे' म्हणायची सवय आपल्याला जरा जास्तच लागली आहे. फोनवर मुलांना ठीक आहे, गावाकडे ठीक आहे. निदान त्या एका छापील कागदावर तरी खरे लिहा.

मेळावा संपल्यावर मी खाली चहाच्या टेबलापाशी थांबणार आहे. कपड्यांची भीड वाटत असेल तर माझ्याबरोबर चला, पहिल्या दिवशी मी दारापर्यंत येईन. फाइल मात्र तुमची तुम्ही आणायची!



गणपती बाप्पा मोरया!