खेळयंत्रांत परकें सॉफ्टवेअर बसवितांना

कृष्णा आणि पंचगंगा यांच्या संगमाजवळ वसलेल्या कुरुंदवाडास पुराची ओळख करून द्यावी लागत नाहीं. २००५, २०१९ आणि २०२१ सालीं तिकडे पाणी चढलें. पाणी दारांत येण्यापूर्वीं कागदपत्रें माळ्यावर न्यावींत, हें तेथील पोराटोरांसहि कळतें. मात्र त्याच घरांतील एखादा हौशी तरुण आपल्या जुन्या खेळयंत्रांत परकें सॉफ्टवेअर बसवूं लागला, कीं हें शहाणपण कोठें जातें कोण जाणे!

निन्टेंडोचें 'विई' हें यंत्र २००६ सालीं निघालें. त्यावरील खेळविक्रीचें दालन २०१९ च्या जानेवारींत बंद झालें. तेव्हां यंत्राचें कुलूप उघडून हौशी लोकांनीं लिहिलेले प्रोग्रॅम चालविण्याची ओढ समजण्यासारखी आहे. यांस 'होमब्रू' म्हणतात. कांहीं प्रोग्रॅम मेमरी कार्डावरूनच चालतात. बिघडले तर बहुधा कार्ड काढलें कीं काम संपलें. 'वॅड' नांवाचें गाठोडें मात्र यंत्राच्या अंतर्गत स्मृतींत लिहिलें जातें. अमेरिकेच्या यंत्रावर जपानचा मुख्य मेनू असा बसविला, तर यंत्र पुन्हां उठेलच अशी खात्री नाहीं. अशा यंत्रास हौशी मंडळी 'वीट' म्हणतात, आणि तें नांव अगदीं यथार्थ आहे.

कार्डावरचा प्रोग्रॅमहि सदाच निरुपद्रवी नसतो. २००५ च्या ऑक्टोबरांत सोनीच्या प्लेस्टेशन पोर्टेबलसाठीं असा एक पसरला. यंत्र जुन्या आवृत्तीवर नेण्याचें त्याचें वचन होतें; प्रत्यक्षांत त्यानें यंत्राच्या मूळ फाइलीच पुसल्या.

म्हणून आधीं नक्कल. विईवर 'बूटमी' हें साधन अंतर्गत स्मृति, सुमारें ५१२ मेगाबाइट, जशीच्या तशी कार्डावर उतरवितें. ती नक्कल संगणकावर निराळी ठेवावी. प्रत्येक यंत्राची किल्ली वेगळी असल्यामुळें शेजाऱ्याची नक्कल येथें उपयोगी पडत नाहीं. गाठोडें त्याच्या कर्त्याकडूनच घ्यावें आणि त्यानें दिलेला पडताळ्याचा आंकडा जुळवून पाहावा. आंकडा जुळला म्हणजे फाईल वाटेंत बदललेली नाहीं एवढेंच कळतें. कर्ता भला कीं कपटी, हें आंकडा सांगत नाहीं.

फुकटच्या खेळांचीं चोरटीं गाठोडीं निराळींच. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यांत २०१२ सालीं ६५ अ हें कलम आलें. हक्कभंगाच्या हेतूनें संरक्षक कुलूप तोडणें त्यान्वयें गुन्हा आहे.

वीज गेल्यावर यंत्र चालू ठेवील अशी बॅटरी विईला नसते. लिहितांना वीज गेली, तर अर्धवट उतरलेला मेनू यंत्राला वाचतां येत नाहीं. पावसाळ्यांत दिवे लुकलुकूं लागले असतां कार्ड पाकिटांतच राहूं द्यावें.